तेलाच्या खोलीत मराठी बंद

मालिशवालीच्या हाताला तेल चिकटतं, तसे किस्से पण चिकटतात. तेल निदान साबणाने जातं. किस्से जात नाहीत, रोज वर नवा थर चढतो. दुपारी दोन ते तीन आमच्या सेंटरला गिऱ्हाईक नसतं. तेव्हा टॉवेलच्या खोलीत आम्ही तिघी डबे उघडून बसतो, आणि भाताच्या आधी किस्सेच संपवायला घेतो. मी चौथीपर्यंत शिकले. लिहायची सवय नाही. पण हे तोंडाने सांगितलं तर लोक म्हणतात, "सुशीलाबाई, तुम्ही फार वाढवून सांगता." म्हणून लिहितेय. एवढं सगळं लिहायचा त्रास घेऊन कोण वाढवेल?

आधी एक सांगते. इथे कानडी मुलखात, जयनगरात आमच्या रस्त्यावर पूर्वी एक टेलर होता, एक झेरॉक्सवाला आणि एक पिठाची गिरणी. आता तिघांच्या जागी तीन मसाज सेंटर! गिरणी होती तेव्हा बायका दळणाचा डबा कमरेवर घेऊन चालत यायच्या. आता पीठ घरपोच येतं, आणि त्याच बायका कंबर घेऊन आमच्याकडे येतात.

*

मी निपाणीकडची. लग्न करून ह्याच शहरात, येलहंक्याला आले. सासू बाळंतिणींची मालिश करायची, पोरांना न्हाऊ घालायची. तिने मला सगळं शिकवलं. कुठे दाबायचं ते दोन महिन्यांत शिकवलं, कुठे हात लावायचा नाही ते शिकवायला दोन वर्षं घेतली. अर्ध्या येलहंक्याची पोरं माझ्या पायांवर न्हालीत.

मग मोठमोठी अपार्टमेंट आली. गेटवरचा वॉचमन मला विचारायला लागला, "ॲपवर बुकिंग आहे का?" मी म्हटलं, "पोर ॲपवर जन्मलंय का?" त्याने आत सोडलं नाही. अशी एकेक करून माझी घरं सुटली. धाकटी लेक नर्सिंगला, तिची दोन वर्षं बाकी. नोकरी पाहिजे होती म्हणजे पाहिजेच होती.

आमचे मालक हरीश सर. पूर्वी मोबाइलची कव्हरं विकायचे. आधी फोनच्या पाठी झाकायचे, आता माणसांच्या उघड्या करतात. त्यांनी पहिलाच प्रश्न टाकला, "सर्टिफिकेट आहे का, अक्का?"

मी म्हटलं, "पोरं आहेत. आता कॉलेजात जातात. बोलावू?"

त्यांनी खुर्चीत बसून खांदा पुढे केला. दोन मिनिटं दाबला. त्यांचे डोळे मिटले ते मिटलेच. मी थांबले तेव्हा उघडले.

"उद्यापासून या. तुमचं नाव अम्मिणी."

"माझं नाव सुशीला आहे."

"बोर्डावर 'ऑथेंटिक केरळा' लिहिलंय, अक्का. सुशीला केरळची वाटत नाही. आणि ऐका, इथे मराठी गिऱ्हाईक फार. तोंडातून एक शब्द मराठी आला, की त्याच दिवशी घरी!"

"मग बोलू काय?"

"रिलॅक्स, ओके, आणि सरी, म्हणजे 'बरं'. बास."

मला ओळखणारी माणसं सांगतील, तीन शब्दांवर मी तीन मिनिटं पण जगू शकत नाही. पण धाकटीचं तोंड आठवलं आणि माझं मिटलं.

*

आमच्याबरोबरची रत्नव्वा गदगची. तिचं नाव राधामणी ठेवलं. आख्ख्या सेंटरमध्ये खरी केरळची एकटी शीजा. पण ती बीकॉम आहे, इंग्रजी फाडफाड बोलते. तिला मालिशची काडी माहिती नाही. म्हणून ती बसते काउंटरवर!

हरीश सरांनी आमच्यासाठी चिकपेटहून होलसेलात पांढऱ्या, सोनेरी काठाच्या साड्या आणल्या. युनिफॉर्म. शीजाने बघितलं आणि डोक्याला हात लावला.

"अक्का, आमच्याकडे ही साडी सणाला नेसतात. तेलात कोण नेसतं?"

मी म्हटलं, "ऑथेंटिक लोक नेसतात."

*

भिंतीवर एक मोठा बोर्ड आहे, मालिशचे फायदे. आता मालिशने फायदा होतो, हे मी नाही तर कोण सांगणार? आखडलेला खांदा मोकळा होतो. झोप लागते. बाळंतीण बाई चार दिवसांत ताठ उभी राहते, हे माझ्या डोळ्यांनी बघितलंय. पण हरीश सरांचं तेवढ्यावर भागत नाही. त्यांच्या बोर्डावर केस गळणं, शुगर, थायरॉइड, परीक्षेची भीती आणि लग्न न जमणं, सगळं आहे. रत्नव्वा म्हणते, "ट्रॅफिक तेवढं राहिलं."

त्यातच एक 'डीटॉक्स'. दुप्पट वेळ, उटणं लावून रगडायचं. एकदा एक बाई आल्या. नखांपासून केसांपर्यंत चकचकीत. पाठ रगडली तर काळ्या काळ्या वळ्या निघायला लागल्या. त्यांनी मान वळवून बघितलं. हरखून गेल्या! फोन मागितला, फोटो काढला, मैत्रिणीला पाठवला आणि मला विचारलं, "ऑल धिस इज टॉक्सिन?"

बाई, मळ आहे तो! आंघोळीला पाठ घासायचा दगड असतो, त्याने घरच्या घरी निघतो.

मी म्हटलं, "सरी."

*

आयटीवाल्या पोरींची पाठ म्हणजे पाटा. बोट लावलं की टणकन वाजेल. त्यातली एक पुण्याची. आमच्या बेडला तोंड घालायला भोक असतं. तिने त्या भोकाखाली जमिनीवर मोबाइल ठेवला, आणि मीटिंग चालू केली. कॅमेरा बंद, आवाज बंद. वरून मी पाठ दाबतेय, खालून तिचा मॅनेजर बोलतोय. मधे मधे हात खाली सोडून ती बटण दाबायची, "येस, येस" म्हणायची आणि पुन्हा बंद.

एकदा बंद करायला विसरली. मला काय माहीत? मी नेमका त्याच वेळी खांद्याच्या पाटीखालच्या गाठीवर कोपर टेकला.

"आई गंऽऽऽ! मेले!"

 मग मॅनेजर घाबरून म्हणाला, "आर यू ओके?"

पोरगी हुशार. कण्हत म्हणाली, "सर, बॅक पेन. आय ॲम विथ माय थेरपिस्ट."

मॅनेजरने तिला दोन दिवस सुट्टी दिली. पुढच्या महिन्यात ती परत आली, कानाशी येऊन म्हणाली, "सेम प्लेस. सेम टाइम. थोडं हार्डर!"

*

एक दिवस हरीश सरांनी आम्हाला ओळीत उभं केलं. म्हणाले, आपण वेलनेस विकतो, पण स्टाफच्या वेलनेसचं काय? महिन्यातून एकदा प्रत्येकीला एक तास मसाज फ्री!

टाळ्या झाल्या. रत्नव्वाचा उजवा अंगठा तेव्हा सुजून लिंबाएवढा झाला होता. मालिश करणाऱ्या बाईची मालिश कुणाच्या मनात येत नाही, सरांच्या मनात आली, म्हणून तिला तर रडूच आलं.

मी विचारलं, "कोण करणार, सर?"

सर म्हणाले, "तुम्हीच. एकमेकींना. ड्यूटी संपल्यावर."

*

आता मराठीचं. ह्या गावात मराठी माणसाला एक मोठा गैरसमज आहे. त्याला वाटतं, घराचा उंबरा ओलांडला की आपली भाषा कुणाला कळत नाही. भाजीवाल्यासमोर, ऑटोवाल्या अण्णासमोर, सगळं बिनधास्त बोलायचं! मग मालिशवालीचं काय?

दोघी मैत्रिणी शेजारशेजारच्या बेडवर. एकीला रत्नव्वा, एकीला मी.

माझी म्हणाली, "तुझी बरी दिसते गं. माझी बघ, म्हशीसारखी दाबते."

दुसरी म्हणाली, "हळू!"

"अगं, हिला काय कळतंय? केरळच्या बायका. खोबरेल प्यायल्यासारख्या नुसत्या गप्प."

मग माझ्या हातांवर आली. रंगावर आली. हिच्या नवऱ्याला ही घरी कशी चालते, इथपर्यंत गेली. मी जीभ दाताखाली धरली. धाकटीची फी, धाकटीचं होस्टेल, असं मनात म्हणत राहिले. पण अंगठ्याला कुणी बंदी घातली नव्हती. पाठीच्या कण्याशेजारी एक जागा असते. तिथे जपून दाबलं तर आराम पडतो.

मी जपलं नाही.

बाईने तोंडातून असा आवाज काढला, की शीजा काउंटरवरून पळत आली. मी म्हटलं, "रिलॅक्स."

*

आणि मग त्या काकू.

जयनगरच्याच. नवरा मोठ्या सरकारी कारखान्यातून इंजिनियर म्हणून रिटायर झालेला. लेक अमेरिकेत, मुलगा आणि सून इथे जवळ. काकू लेकीकडे राहून आठवड्यापूर्वीच विमानाने परत आलेल्या. पालथ्या झोपल्या, फोन स्पीकरवर टाकला, पुण्याच्या बहिणीला लावला आणि सुरू झाल्या. पाऊण तास सून! सून कशी उठते, कशी झोपते, डोसा कसा कच्चा ठेवते. मी पाठ संपवली, कंबर संपवली, सून काही संपेना.

मग म्हणाल्या, "डावी पोटरी धरलीय गं चार दिवस. सून म्हणते डॉक्टरकडे चला, सोनोग्राफी करू. उधळायची सवय! मी म्हटलं, आधी रगडून घेते." आणि मला म्हणाल्या, "यू प्रेस हिअर. हार्ड!"

मी हात ठेवला. पोटरी तापलेली. टॉवेल बाजूला केला. उजवा पाय माणसाचा, डावा खांबासारखा. दोन वर्षं सासूने जे शिकवलं, त्यातलं पहिलं हेच होतं: एकच पाय सुजलाय, तो गरम आहे, तर लांब उभं राहायचं. येलहंक्यात तिने एका बाळंतिणीला असंच दवाखान्यात पाठवलं होतं.

मी म्हटलं, "नो."

"व्हॉट नो? प्रेस!"

मी हाताने खुणा केल्या. पाय, डॉक्टर, नको. काकू फोनमध्ये म्हणाल्या, "काय हातवारे करतेय कोण जाणे. अक्कल नाही एकेकीला." आणि वळून माझं मनगट धरलं, आणि स्वतःच माझा हात त्या पोटरीवर दाबला.

"सोडा हात!" मी ओरडले. "काकू, सोडा म्हणते ना! एक पाय सुजलाय, दुसरा नाही, कळत नाही का तुम्हाला? आत रक्ताची गाठ असली तर रगडून सुटेल आणि छातीत जाईल! उठा. कपडे घाला. सून म्हणते तिथे जा, आणि आजच जा!"

काकू बेडवर उठून बसल्या. तोंड उघडं. 

फोनमधून पुण्याची बहीण म्हणाली, "कोण ओरडतंय गं? सून आली का?"

दारात हरीश सर उभे. काकूंना हात धरून शीजाने ऑटोत बसवलं. सर मला एवढंच म्हणाले, "उद्यापासून येऊ नका, अक्का." मी साडी तिथेच बदलली, घडी न घालता टाकली, डबा घेतला आणि निघाले. घरी धाकटीला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "आई, बरोबर केलंस." मी म्हटलं, "बरोबर केलं म्हणून कॉलेज फी माफ करतं का?"

आठ दिवस घरी बसले. नवव्या दिवशी सरांचा फोन. आवाज एकदम मऊ. "अक्का, स्वल्प, जरा येता का?"

गेले. काउंटरवर पाच मराठी बायका, आणि शीजा घामाघूम. काकूंच्या पायात खरंच गाठ निघाली होती, त्याच संध्याकाळी ॲडमिट झाल्या होत्या. रगडला असता तर जिवावर बेतलं असतं, असं डॉक्टरांनी सांगितलं. काकूंनी ते दवाखान्याच्या खाटेवरून आख्ख्या महिला मंडळाला सांगितलं. आता सगळ्यांना एकच पाहिजे होती, मराठीत ओरडणारी!

हरीश सर कसलेले. दुसऱ्या दिवशी बोर्डावर 'ऑथेंटिक केरळा'च्या खाली नवी ओळ, 'मराठी स्पीकिंग थेरपिस्ट'. जादा चार्ज! माझं नाव मात्र अम्मिणीच. पाचातली एक माझ्या गालाला हात लावून म्हणाली, "केरळची असून किती छान बोलतेस गं! अजून थोडे दिवस राहिलीस, की अगदी आमच्यासारखं येईल."

महिन्याभराने एक तिशीची बाई आली. आडनाव सांगितलं तशी ओळखली. काकूंची सून. बेडवर बसली, दार नीट लावलंय का बघितलं, आवाज खाली आणला.

"मावशी, मालिश राहू दे. त्या दिवशी सासूबाई पाऊण तास फोनवर होत्या. माझ्याबद्दल काय काय बोलल्या, तेवढं सांगा."

मी हातावर तेल घेतलं.

"सांगते की. पालथ्या व्हा. मंगळवारी त्यांचे खांदे आहेत माझ्याकडे. तुम्ही आता जे जे बोलाल, ते त्यांना कधी सांगू? मालिशच्या आधी, का नंतर?"