पाच मीटरच्या वर

"नेवीत? आन् कोल्हापुरात समुद्र कुठनं आणला पावणं?" माझी निवड झाल्याचं कळलं त्या दिवशी दुकानात बसलेल्या एका ट्रक ड्रायव्हरनं वडिलांना विचारलं.

"रंकाळा हाय की!" वडील म्हणाले. सगळे हसले. मीही हसले, पण मला रंकाळ्याच्या काठावर बसायचीसुद्धा भीती वाटायची.

उचगावजवळ हायवेला लागून आमचं टायरचं दुकान आहे. वडील लग्नाआधीच केरळमधून इथे आले. त्यांचं मराठी आता इथल्या कुणाहीइतकं रांगडं आहे. मी घरात मल्याळम बोलले, शाळेत इंग्लिश आणि रस्त्यावर मराठी, पण तिन्ही भाषांत कमीच बोलले. गल्लीतली पोरं पाठीला रिकामा डबा बांधून विहिरीत पोहायला शिकायची. अम्मा मला विहिरीकडे फिरकूही देत नसे. परक्या गावात एकुलती मुलगी, असं तिचं कारण असायचं.

नौदलाची अकादमी निघाली केरळमध्येच. वडील पोटासाठी जिथून निघाले, तिथेच मी ट्रंक घेऊन उतरले. तिथल्या मुली माझं मल्याळम ऐकून हसायच्या. माझ्या वाक्याच्या शेवटी नकळत 'की' यायचं. मग मी मल्याळम बोलणंही बंद केलं.

पोहायला मी तिथेच शिकले, तेही जेमतेम. परीक्षेत पाच मीटर उंच फळीवरून उडी मारायची आणि तशीच पुढे पोहण्याच्या तलावाची एक लांबी पोहायची. पहिल्या वेळी मी फळीच्या टोकापर्यंत गेले, खाली बघितलं आणि शिडीनं उतरून आले. कोणी ओरडलं नाही. प्रशिक्षकांनी वहीत काहीतरी लिहिलं, एवढंच. दुसऱ्यांदा नापास झाले तर सगळं सत्र पुन्हा करायचं होतं, आणि पुन्हा तेच झालं तर घरी. घरी म्हणजे त्याच दुकानात. वडिलांनी फोनवर धीर द्यायचा म्हणून सांगितलं, "सगळ्या उचगावला सांगून बसलोय मी." मला रात्रभर झोप आली नाही.

परीक्षेच्या सकाळी माझ्या आधीच्या चार मुली उड्या मारून गेल्या. मी शिडी चढले. पाच मीटरवर पोहोचले तेव्हा हात कठड्याला असे चिकटले होते की बोटं एकेक करून सोडवावी लागली. हे खालून दिसत असेल याचीच मला जास्त लाज वाटत होती. शिडी तिथे संपत नव्हती. ती तशीच वर दहा मीटरच्या फळीकडे जात होती.

प्रशिक्षक केरळचे होते. माझं आडनाव वाचून त्यांना मी तिथलीच वाटले असणार. इंग्लिशमध्ये दोनदा हुकूम देऊनही मी हलेना, तेव्हा ते मल्याळममध्ये ओरडले, "चाडु!"

मला ऐकू आलं, "चढ."

घाबरले की माझे कान मराठी होतात. मी म्हटलं, आता हे काय नवीन? पण हुकूम तो हुकूम. मी वळले आणि शिडी चढू लागले. खालून ते पुन्हा जोरात ओरडले, "चाडु! चाडु!" मी आणखी भराभर चढले.

वर पोहोचले तेव्हा खाली सगळं शांत झालं होतं. तलाव ताटाएवढा दिसत होता. प्रशिक्षक दोन्ही हात पसरून वर बघत उभे होते. तेव्हा कुठे उलगडलं. चाडु म्हणजे उडी मार. बस, खा, अभ्यास कर, हळू बोल, हे सगळं मल्याळम मला येत होतं. पण आमच्या घरात मला उडी मार असं कोणी कधी सांगितलंच नव्हतं.

खाली उतरायला दहा मीटरची शिडी होती आणि उतरणं म्हणजे नापास. ओरडून खुलासा करायचा तर तीस जणींसमोर करावा लागला असता. मला पाण्यापेक्षा त्याची भीती जास्त वाटली. मी नाक धरलं आणि पाऊल पुढे टाकलं.

पाणी फरशीसारखं लागलं. नाकातोंडात पाणी गेलं, वर कुठे आणि खाली कुठे कळेना. डोकं बाहेर आलं तेव्हा मी रडत होते, पण ओल्या चेहऱ्यावर ते कोणाला दिसणार? कसेतरी हात मारत पलीकडची कड गाठली.

"वर जायला कोणी सांगितलं?" प्रशिक्षकांनी या वेळी इंग्लिशमध्ये विचारलं. मी कड धरून नाकातलं पाणी शिंकरत राहिले. ते माझ्याकडे बघून हसले आणि त्यांनी वहीत 'पास' लिहिलं.

दुपारी सूचनाफलकावर यादी लागली. दुसऱ्या दिवशी सकाळी नव्या तुकडीला दहा मीटरवरून उडी मारून दाखवण्यासाठी तीन कॅडेट निवडले होते. पहिलं नाव माझं होतं. ते मी तीनदा वाचलं. मग खोलीत गेले आणि पोहण्याचा ओला पोशाख पिळून, सकाळपर्यंत वाळावा म्हणून, खिडकीत टांगला.