डोकं लहान, म्हणून तारीख पुढे

हायवेजवळच्या सोनोग्राफीवाल्या डॉक्टरने माझ्या बायकोला फसवलं. मलाही फसवलं, पण माझं नंतर सांगतो.

भिलाईत ते यंत्र तेव्हा नवीन होतं. माझं कॅम्प-१ मध्ये हार्डवेअरचं दुकान. ते मला कोणी दिलेलं नाही. भंडाऱ्याहून आलो, ठेकेदाराकडे लोखंड वाहिलं आणि उभं केलं. बायकोला आठवा महिना होता. पोट लहान दिसतं म्हणून नेहमीच्या डॉक्टरणीने सोनोग्राफी करायला सांगितलं.

डॉक्टर मापं घेत कंपाउंडरला सांगत होता, "जांघ की हड्डी, आठवां महीना. पेट, आठवां महीना." डोक्यापाशी आला, मोजलं. पुन्हा मोजलं. मग माझ्याकडे वळला. "आपकी तारीख गलत है. सर छोटा आ रहा है, मतलब बच्चा अभी सात महीने का भी नहीं." बाळंतपणाची जूनची तारीख त्याने जुलैच्या शेवटी नेली.

बायको परक्या माणसासमोर बोलत नाही. त्या दिवशी बोलली. "त्यायले सांगा, तारीख बरोबर आहे. महालक्ष्म्या जेवल्या त्या दिवशी मी बाहेरची होती."

आमच्याकडे भाद्रपदात महालक्ष्म्या बसतात. नेमक्या त्याच दिवशी पाळी येऊन घरची सून बाजूला बसली, तर तो दिवस कोणी विसरत नाही. आईने शेजारणीला बोलावून स्वयंपाक उरकला होता आणि नंतर कित्येक महिने ते ऐकवलं होतं. बायकोची ती शेवटची पाळी.

मी हे डॉक्टरला हिंदीत सांगितलं. तो हसला. "लेडीज लोग पूजा-पाठ से हिसाब लगाती हैं. मशीन झूठ बोलेगी क्या?"

"तो मशीन से ही पूछो, महालक्ष्मी कब थी," मी म्हणालो. माझा आवाज चढला तशा बाहेर बसलेल्या बाया दारातून डोकावू लागल्या. डॉक्टर नरमला. "ठीक है, तीन हफ्ते पकड़ लो." मी आणखी ताणलं. तो दोन आठवड्यांवर आला आणि तारीख तेवढीच पुढे नेऊन लिहून दिलं.

स्कूटरवर बायको म्हणाली, "तुमी कावून भाव करून राहिले होते? तारीख म्हणजे काय वांगे आहेत?"

दुकानात एवढ्या लवकर भाव खाली आणणारा माणूस मला दिसला, की मी आधी माल उलटून पाहतो. तिथे पाहिला नाही.

मुलगी जूनमध्येच झाली, महालक्ष्म्यांच्या हिशेबाने. हातपाय नीट होते. बारशासाठी शिवलेलं टोपडं मात्र डोळ्यांवर उतरत होतं. आई बायकोकडे बघून म्हणाली, "त्या दिवशी निवदाले शिवली असन हे."

मायक्रोसेफली हा शब्द आम्हाला नागपूरच्या डॉक्टरणीने सांगितला. मुलीचा मेंदू पोटातच पुरेसा वाढला नव्हता, म्हणून डोकं लहान राहिलं. डॉक्टरने कंपाउंडरला सांगितलेली मापं बायकोने तिला सांगितली. ती म्हणाली, "तारीख चुकली असती तर मांडीचं हाडही लहान आलं असतं. बाकी सगळं बरोबर आणि एकटं डोकं मागे असेल, तर शंका डोक्याचीच घ्यायची. एका मापावर निकाल देत नाहीत. दोन-तीन आठवड्यांनी पुन्हा मोजायचं आणि किती वाढलं ते बघायचं."

कशामुळे झालं, ते तिला सांगता आलं नाही. कधी गरोदरपणातल्या तापाने होतं, कधी रक्तातून येतं, कधी कारण सापडतच नाही. नैवेद्याला शिवल्याने होत नाही, हे तिने आम्ही विचारण्याआधीच सांगितलं. आधी कळलं असतं तरी इलाज नव्हता. पण कळलं असतं, आणि बाळंतपण मुलांचे डॉक्टर हाताशी असतील अशा ठिकाणी केलं असतं.

परत आल्यावर मी त्या सोनोग्राफीवाल्याकडे गेलो. तो शांतपणे म्हणाला, "दो हफ्ते पर तो आप ही राजी हुए थे."

राजी मी झालो होतो. बायको झाली नव्हती. पोट तिचं, तारीख तिची, आणि तिला त्याने एक शब्द विचारला नाही. डोक्याची शंका आहे, पुन्हा मोजायला या, एवढं तिला सांगायला त्याचं काय जात होतं? आई आजही तिलाच बोल लावते. त्या डॉक्टरने आमच्या घरी यावं, आईसमोर बसावं आणि तारीख कोणाची खरी होती आणि चुकलं कोण, ते स्वतःच्या तोंडाने सांगावं.