त्रिशलाआक्काची रामतुळस

निपाणीहून कोगनोळीकडं जाताना आत वळलं की लागणाऱ्या एका गावात त्रिशलाआक्काचं शेत आहे. शेत कसलं, परसाला लागून भोपळा-काकडीचा एक तुकडा. त्याच्या बांधावर तिनं रामतुळस लावली होती. माणसाच्या उंचीची झुडपं. जाता-येता पदर घासला तरी लवंगेसारखा वास दिवसभर अंगाला राही. उन्हाळ्यात ती पानं खुडून सावलीत वाळवायची, कारण घर जैनांचं, चातुर्मासात हिरवा पाला कुणी तोंडात घालत नसे. वाळल्या पानांची चिमूट चहात पडे, ताकात पडे, पोरांच्या खोकल्याच्या काढ्यात पडे. पावसाळाभर झाडांना हात लागत नसल्यानं भादव्यात ती तुऱ्यांनी लगडून जात, आणि उन्हं वर आली की सगळा बांध घुमायचा. मधमाश्या तुऱ्यावरून भोपळ्याच्या फुलात, तिथून परत तुऱ्यावर. मध आक्काच्या घरात वर्ज्य. तिला माश्यांची ये-जा तेवढी हवी होती. ती असली की भोपळे धरत.

बांधापलीकडं धाकट्या दिराचं, पारिसाचं घर. आक्का लग्न होऊन आली तेव्हा तो शाळकरी होता, त्याचा डबा तीच भरायची. आता तो बस्तीच्या, म्हणजे गावातल्या जैन मंदिराच्या, कमिटीवर होता. भादव्यातल्या उपासांच्या दसलक्षण पर्वात बस्तीत अहिंसेवर बोलायला उभा राहिला की बायका डोळे पुसत. यंदा पर्व संपल्यावर पारण्याची पंगत त्याच्या अंगणात होती, मांडव अगदी बांधाला चिकटून.

"वैनी, ती झुडपं तेवढी काढ," तो म्हणाला. "चिक्कोडीचे पाव्हणे येणार हायत. कुणाला माशी चावली म्हंजे?"

"पंगत त्या अंगाला घे की. फुलावर आलेलं झाड मी तोडणार न्हाय."

तो मांडवाकडं निघून गेला.

त्यानंतर आक्का निपाणीच्या बाजाराला गेली आणि दुपारी परत आली. परसात पाय टाकताच तिला काहीतरी चुकल्यासारखं वाटलं. बांध गप्प होता. जवळ गेली तर नाकात औषधाचा उग्र दर्प शिरला. पानांवर पांढरे थेंब वाळलेले, आणि खाली मातीत माश्याच माश्या. काही मेलेल्या, काही पाठीवर पडून गरागरा फिरत होत्या. आक्का खाली बसली. एक माशी तिनं तळहातावर घेतली. ती तिथंच आखडली.

मग आक्का उठली.

"पारिसा! भाईर ये!"

तो हात पुसत पुसत बाहेर आला. "वैनी, ओरडू नगंस. वरच्या रानात कुणीतरी तंबाखूवर औषध मारलं असंल. वाऱ्यानं आलं."

"वाऱ्यानं? वाऱ्याला माझा एकच बांध घावला? भोपळ्याची पानं कोरडी, तुझा मांडव कोरडा!"

"पर्वाचे दिस हायत, तोंड सांभाळ."

"पर्वाचं मला सांगतोस!" आक्काचा आवाज गल्लीभर गेला. पारिसा आत निघून गेला.

पंगत झाली. आक्का गेली नाही. घरात चूल पेटवून तिनं एकटीनं पारणं केलं. माश्या मेल्या त्याचा राग होताच, पण हातानं वाढवलेला पोर तोंडावर खोटं बोलला, त्याचा जास्त होता.

पुढच्या सकाळी क्षमावाणी, वर्षभराच्या चुकांची क्षमा मागायचा दिवस. पूजा आटोपल्यावर बस्तीच्या ओवरीत सगळे एकमेकांना हात जोडत होते. पारिसा सगळ्यांदेखत आक्कापुढं आला, वाकला.

"उत्तम क्षमा, वैनी. वर्षभरात कळत नकळत काय चुकलं असंल तर..."

"नकळत न्हवं," आक्का म्हणाली. आजूबाजूचे हात जोडलेलेच राहिले. "कळून मारलंस. तेवढं म्हण, मग क्षमेचं बघू."

"बस्तीत तरी असं बोलू नये, वैनी. मी सांगितलं न्हवं, वाऱ्यानं..."

"मामंजींनीच मारलं."

खांबाजवळ पारिसाची सून ब्राह्मी उभी होती. तिचा आवाज बारीक होता, पण सगळ्यांना ऐकू आला. "औषधाचा पंप मीच धुतला. मला म्हणाले, कुणाला सांगू नगंस."

कमिटीतले एक म्हातारे हळूच म्हणाले, "म्हणून टाक की रं, पारिसा." पारिसा चप्पल न घालताच निघून गेला.

संध्याकाळी पलीकडून भांडी आपटल्याचा आणि ब्राह्मीला दिलेल्या शिव्यांचा आवाज आला. आक्का बांधावर जाऊन उभी राहिली. "त्या पोरीला एक शब्द जरी बोललास, तर कमिटी माझ्या दारात बोलवीन! खरं बोलली म्हणून शिव्या देतोस व्हय तिला?" पलीकडं एकदम शांत झालं.

औषध बसलेली झुडपं तिनं बुडापासून छाटली आणि कुणाचं जनावर तोंड घालू नये म्हणून फांद्या पुरल्या. माश्या येईनात. भोपळ्याची बारकी फळं पिवळी पडून गळायला लागली, तेव्हा ती भल्या पहाटे नर फुलं तोडून मादी फुलांना लावू लागली. एके दिवशी ब्राह्मी न सांगता आली आणि दुसऱ्या ओळीला लागली. आक्का रोज हात चालवता चालवता पारिसाला बोल लावायची. सून खाली मान घालून ऐकायची, मधेच हसायची.

दिवाळीच्या सुमारास खोडांना कोंब फुटले. त्या आठवड्यात पारिसा बांधावर येऊन उभा राहिला.

"मी मारलं," तो एकदाचा म्हणाला. "कळून मारलं. पाव्हण्यांपुढं लाज नगं म्हणून."

आक्का ओणवी होती, ती उठली नाही.

"ऐकलं," ती म्हणाली. "क्षमा अजून जमत न्हाय. जमली की सांगीन. आता बाजूला हो, पाणी सोडायचंय."

तो बाजूला झाला.