मोरीच्या खिडकीतला कप

"आधी चहा, मग ओळख," असं म्हणत ती स्टेजवरून किटली घेऊन खाली उतरायची. कुठं येऊन बसलो असं प्रेक्षकाला वाटायच्या आत त्याच्या हातात कप असायचा.

घोडपदेवच्या चाळीत वाढलेली. दिवसा विमा कंपनीत नोकरी आणि शनिवारी संध्याकाळी एकटीनं स्वतःच्याच आयुष्याचा प्रयोग. त्याला नाटक म्हटलेलं तिला खपत नसे. "नाटकात दुसरं कुणीतरी व्हावं लागतं, काका. मला अजून मीच नीट जमत नाहीये."

आमच्या गिरगावातल्या वाचनालयाच्या हॉलची किल्ली माझ्याकडे असते. किल्ली ज्याच्याकडे, त्याला आपण कलाक्षेत्रात आहोत असं वाटू लागतं, हे तुम्हीही पाहिलं असेल. तिच्या पहिल्या प्रयोगाला मी आधीच मदतीला हजर. टेबलावर पन्नास चांगले कप आणि एक बिनकानाचा, टवके उडालेला. पाहुण्यांपुढे बरं दिसत नाही म्हणून मी तो कचऱ्याच्या डब्यात टाकला. छान फुटला.

ती आली. "काका, इथला बिनकानाचा कप?"

"टाकला. नवा आणू?" मी उदारपणे म्हणालो.

ती खालीच बसली. तिची आई गिरगावातच एका घरी वर्षानुवर्षं धुणीभांडी करायची. तो तिचा चहाचा कप, घरातल्या कपांत न मिसळणारा. काम सुटलं तेव्हा मालकीणबाईंनी तोही सोबत देऊन टाकला. "प्रयोग त्याच्यावरच आहे हो," ती म्हणाली. "आता मी काय दाखवू?"

अर्धा तास उरला होता. माझं घर मागच्याच गल्लीत. मी धावत गेलो, मोरीच्या खिडकीतला पालथा कप उचलला आणि धापा टाकत आणून दिला. कान तुटलेला, रंग गेलेला. अगदी तसाच. मला माझं कौतुक वाटलं.

तिनं तो फिरवून पाहिला. "इतक्यात कुठून मिळाला?"

"आमच्याच घरून."

"कुणाचा?"

आमच्या कामवाल्या मावशींचा, असं सांगायला मी तोंड उघडलं आणि ते उघडंच राहिलं.

ती हसत सुटली. रागावली असती तर बरं झालं असतं. "पहिल्या रांगेत बसा," म्हणाली.

प्रयोगाच्या शेवटी तो कप माझ्याच हातात आला. "या काकांनी आज माझा कप फोडला आणि घरचा दिला," तिनं सगळ्यांना सांगितलं. चहा मात्र काठोकाठ भरला होता. शंभर डोळ्यांसमोर चहा गिळणं किती अवघड असतं, हे मला पन्नाशीत कळलं. पुढं आमच्या हॉलमधल्या प्रत्येक प्रयोगात ती भूमिका माझ्याकडेच राहिली.

आता तिची नागपूरला बदली झाली आहे. कप घेऊन गेली. "तिकडं नवा काका शोधावा लागेल," म्हणाली. "मिळेल. कुठंही मिळतो."

मावशी आता आमच्यातल्याच फुलाफुलांच्या कपात चहा घेतात आणि कुरकुरतात. "यात दोन घोट कमी बसतात. त्या पोरीला सांगा, माझा कप पाठवून दे."

मी तिला फोनवर निरोप दिला. "दोनदा भरून द्या की, काका," ती म्हणाली. "आणि मावशींचं नाव काय?"

"मावशी," मी म्हणालो.

नागपूरहून बराच वेळ नुसतं हसू ऐकू येत होतं.

दुसऱ्या दिवशी मी स्वतः कप दोनदा भरला आणि मग नाव विचारलं. मावशींनी कप खाली ठेवला. "अकरा वर्षांनी? कशाला? पोलिसांत द्यायचंय काय?"