माडीचा लिलाव आणि देवीची पालखी

माझ्या अशिलाचं माडीचं दुकान माझ्याच युक्तिवादामुळे बंद पडलं. युक्तिवाद उत्तम होता. एक्साइजच्या साहेबांनी तो शब्दन् शब्द मान्य केला आणि तिथेच घात झाला.

गोष्ट ऐंशीच्या दशकातली. रत्नागिरीत वकिली करून मला बरीच वर्षं झाली होती, त्यामुळे नवखेपणाची सबबही नाही.

माडी म्हणजे माडाची पोय, म्हणजे कोवळा फुलोरा, छेदून काढलेला रस. सकाळी गोड लागतो, दुपारी चढतो. तो विकायचा परवाना तेव्हा लिलावाने मिळे. कलेक्टर कचेरीत एकेका गावाच्या दुकानाचा पुकारा व्हायचा आणि मोठी बोली लावेल त्याला वर्षाचा परवाना. पण बोली जिंकली म्हणजे दुकान उघडलं असं नाही. जागा एक्साइजकडून पास व्हावी लागे, आणि शाळेजवळची किंवा देवस्थानाजवळची जागा पास होत नसे.

माझा अशील दत्ताराम पूर्णगडच्या अलीकडच्या एका गावचा. घराच्या पडवीत त्याचं दुकान वर्षानुवर्षं चाललेलं. त्या वर्षी गावातल्याच यशवंताने त्याच्यावर बोली चढवली आणि दत्ताराम दुसरा आला. दुकान गेलं तर माडावर चढणारे गडी रिकामे बसणार होते, आणि गल्ल्यावर बसणारा धाकटा भाऊ मुंबई गाठणार होता.

"कायतरी करा, वकीलसाहेब," दत्ताराम म्हणाला. "भाऊस गेला तर आये अन्नाला शिवायची नाय."

मी यशवंताची जागा बघायला गेलो. जागा झकास होती, रस्त्याला लागून. समोरच जांभ्या दगडाचा एक चौथरा होता.

"हे काय?" मी विचारलं.

"सहाण," दत्ताराम म्हणाला. "शिमग्यात देवीची पालखी बसते हितं."

शिमग्यात आमच्याकडे ग्रामदेवता देवळात थांबत नाही. पालखीत बसून गावाला भेटायला निघते. तिचा मुक्काम पडतो तो चौथरा म्हणजे सहाण. बाकी वर्षभर तिच्यावर मिरच्या वाळत असतात. मिरच्यांचा उल्लेख मी हरकतीच्या अर्जात केला नाही.

एक्साइजच्या अधीक्षकांपुढे सुनावणी लागली. यशवंतातर्फे नाना वकील होते, आमच्यातले सर्वांत ज्येष्ठ. मी उठलो आणि चांगला रंगलो. देवस्थानाला भिंती आणि कळस असलाच पाहिजे असं कुठे आहे? जिथे देवी बसते, बायका ओटी भरतात, माणसं गाऱ्हाणं घालतात, ते देवस्थान. मग ती वर्षातून एकदाच का बसेना!

साहेब देशावरचे. "गावातलं कोणी सांगेल का हे?" त्यांनी विचारलं.

मी दत्तारामला उभं केलं. "पालखीशी तुझा काय संबंध, सांग साहेबांना."

"मानकरी हाय मी, साहेब." दत्तारामची छाती फुगली. "सहाणेवरनं उठली की पालखी पयली आमच्या अंगणात बसते. मग घरोघर फिरते."

"घरोघर," असं पुटपुटत नाना वकिलांनी काहीतरी टिपून घेतलं. मला वाटलं, म्हातारा हरलाय, आता कागदाशी चाळा करतोय.

निकाल माझ्या मनासारखाच लागला. पालखी बसते ती जागा देवस्थान. यशवंताची जागा नामंजूर. आता दुसऱ्या बोलीवाल्याच्या जागेचा विचार व्हावा. त्या दिवशी बाररूममध्ये मी सगळ्यांना चहा पाजला. नानांनी दोन कप घेतले.

पुढच्या तारखेला नाना जेमतेम अर्धे उठले. "साहेब, दत्तारामचं दुकान त्याच्या अंगणाला लागून आहे. त्या अंगणात पालखी बसते, हे माझ्या विद्वान मित्रांनीच शाबीत केलंय." आणि खाली बसले.

मी पूर्ण उठलो आणि तसाच खाली बसलो.

साहेब वैतागले. सरकारचा महसूल बुडत होता. "अहो, गावात दुसरी जागा बघा."

"पालखी जात नाय असं अंगण नाय, साहेब," दत्ताराम म्हणाला.

"किनाऱ्यावर?" मी सुचवलं.

"तिथं ती दर्याला भेटते."

शेवटी साहेबांनीच वाट काढली. दत्तारामने लिहून द्यावं की मी मान सोडला, यापुढे पालखी माझ्या अंगणात येणार नाही. मग पडवी पास. मी दत्तारामला व्हरांड्यात नेलं.

"एक सही कर. भाऊ घरात राहील."

"आणि देवी दारावरनं पुढं जाईल?"

"अरे, हे फक्त कागदापुरतं."

"तोच कागद फडकवून यशवंता पालखी पुढं नेईल. वळखत नाय तुमी त्याला. माडी नाय काढली तर माडाला नारळ तरी धरतील. मान गेला तर त्याजागी काय धरंल, सांगा."

सही झाली नाही.

त्या वर्षी गावात कुणाचंच दुकान उघडलं नाही. पिणारे होडीत बसून खाडीपलीकडे जाऊ लागले. गडी आंब्याच्या बागांत कामाला लागले. धाकटा भाऊ लोट्याला एका केमिकल कंपनीत शिफ्टवर लागला. मुंबई टळली, पण महिन्यातून एकदा घरी येई, आणि आई त्याचं ताट झाकून वाट बघत बसे. नवे वकील माझ्याकडे यायचे तेव्हा मी त्यांना एवढंच सांगायचो, की विरुद्ध बाजूवर धोंडा फेकण्याआधी आपला अशील कुठे उभा आहे ते बघून घ्या.

शिमग्याला दत्तारामने मला घरी बोलावलं. गेलो. पालखी सहाणेवरून उठली ती थेट त्याच्या अंगणात आली. घरच्या बायकांनी ओटी भरली, ढोल वाजले. बंद पडवीला टेकून मी उभा होतो. दत्तारामने हातावर खोबऱ्याचा प्रसाद ठेवला आणि मला जरा बाजूला घेतलं.

"वकीलसाहेब, यंदा परत लिलाव हाय."

"मी येतो की," मी उत्साहाने म्हणालो.

"याच. पण यशवंताचं वकीलपत्र घ्या. तुमची फी मी देतो."