खेद म्हंजी काय?

चैत्रात भिंगारचे कडुनिंब फुलतात. सकाळचं ऊन जरा तापू लागलं, की त्या फुलोऱ्याचा कडसर गोड वास साहेबांच्या व्हरांड्यात येऊन थांबतो, आणि वेताच्या खुर्चीत उशांच्या आधाराने बसवलेल्या, एका बाजूला कललेल्या त्या उंच देहाकडे पाहताना मला आठवतं, की मागच्या वर्षी याच वासात आम्ही दोघांनी कामाला सुरुवात केली होती. तेव्हा साहेबांजवळ पाच भाषा होत्या. आता एक शब्द उरला आहे.

पारनेर तालुक्यातल्या एका कोरडवाहू गावातून हा माणूस सैन्यात गेला, सीमेवरच्या पलटणीचा कमांडर झाला, पुढे जनरल झाला, आणि गणवेश उतरवल्यावर सरकारने त्याला एका दूरच्या देशात राजदूत म्हणून पाठवलं. आयुष्याचा पूर्वार्ध हुकूम देण्यात गेला आणि उत्तरार्ध, त्यांच्याच शब्दांत सांगायचं तर, कुणालाही न दुखावता काहीही न देण्यात. पत्नी गेल्यावर ते भिंगारला येऊन राहिले, भाचीच्या देखरेखीखाली. आठवणी मराठीत लिहायच्या, गावातल्या माणसाला वाचता आल्या पाहिजेत, असा त्यांचा हट्ट होता. म्हणून तीस वर्षं मराठी शिकवून घरी बसलेल्या मला बोलावणं आलं. ते इंग्रजी-हिंदीच्या मिसळीत सांगत, मी शुद्ध मराठीत उतरवून घेई. ऱ्हस्वदीर्घाची चूक मला भातातल्या खड्यासारखी लागते, आणि साहेबांना नेमकं तेच आवडलं होतं.

सहा महिने सगळं सुरळीत चाललं. मग एका सकाळी लष्करी हद्दीतून सरावाच्या तोफांचा घुमारा येत असताना ते बोलता बोलता थांबले आणि म्हणाले, "हे लिहू नका, बाई." चाळीसेक वर्षांपूर्वी, बर्फातल्या एका ठाण्यावर, त्यांनी नकाशावर बोट ठेवून गस्तीच्या तुकडीला वाट दाखवली होती. तुकडीतला भानुदास नावाचा जवान, आपल्याच जिल्ह्यातला, मिरजगावचा, म्हणाला होता, "सायेब, ही वाट न्हाई. कालच बघून आलोय." साहेबांनी त्याला गप्प केलं आणि त्यालाच सगळ्यांच्या पुढे घातलं. बाकीचे परत आले. भानुदास आला नाही. चौकशीच्या कागदावर साहेबांनी एक ओळ लिहिली: जवान वाट चुकला.

भानुदासची बायको कौसाबाई मिरजगावात अजून होती. तिला पत्र लिहायचं, एवढं एकच काम आता आयुष्यात राहिलं आहे, असं ते म्हणाले. पत्राचं एक वाक्य मात्र काही केल्या उतरेना. "माझं चुकलं" असं मी लिहिलं, की ते पेन्सिलीने हलकेच खोडत. राजदूत चूक कबूल करत नाही, बाई, हृदय दिसलं पाहिजे पण हात सापडता कामा नये, असा एखादा शब्द तुमच्या मराठीत आहे का? पौषातल्या एका थंड सकाळी मी क्षणाचाही विलंब न लावता, वर्गात पहिला हात वर करणाऱ्या मुलीच्या उत्साहाने सांगितलं, "खेद." साहेबांचा चेहरा उजळला. "झाल्या घटनेबद्दल मला मनःपूर्वक खेद वाटतो." ते वाक्य त्यांनी तीनदा मोठ्याने वाचलं, सही केली, आणि चार दिवस उशाशी राहू द्या, पुन्हा एकदा नजर टाकतो, म्हणून पत्र ठेवून घेतलं. मला तर त्या शब्दाचा कोण अभिमान वाटला होता!

माघात त्यांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवा हात गेला, वाचा गेली. इंग्रजी, हिंदी, पलटणीतली पंजाबी, त्या दूर देशाची भाषा, शहरी मराठी, सगळ्यांनी पाठ फिरवली, आणि साठ वर्षांत ज्याला त्यांनी तोंडात येऊ दिलं नव्हतं ते गावचं "व्हय" तेवढं जिभेवर राहिलं. चहा हवा का? व्हय. पंखा बंद करू? व्हय.

फाल्गुनात मी त्यांच्या उशाशी राहिलेलं ते पत्र घेऊन एसटीने मिरजगावला गेले. दोन्ही बाजूंना ज्वारीची काढणी चालली होती, आणि उघड्या पडलेल्या रानावरून वाळल्या कडब्याचा वास गाडीत येत होता. कौसाबाई ओसरीत शेंगा फोडत बसल्या होत्या. त्यांना वाचता येत नाही, म्हणून मीच पत्र वाचलं, अगदी स्पष्ट उच्चारांत. त्या हात थांबवून ऐकत राहिल्या आणि शेवटी म्हणाल्या, "खेद म्हंजी काय वो बाई?"

वाईट वाटलं, असं मी सांगितलं.

"वाईट तर समद्यांनाच वाटलं. पर चुकलं कुनाचं, ते लिवलंय का? हितं लोक अजून म्हनत्यात, कौसाचा नवरा वाट चुकला. लेकीच्या सासरी सुदिक त्येच ऐकलं. मी रोज पानी आनाय जाते, तर मागनं म्हनत्यात, वाट चुकू नगं."

मला राहवलं नाही. जे लिहू नका म्हणून सांगितलं होतं, ते सगळं मी सांगून टाकलं. कौसाबाई रडल्या नाहीत. त्यांनी पत्र माझ्या हातातून घेतलं, उलटसुलट केलं आणि परत दिलं. "मग कागदावर का न्हाई? तुमचं बोलनं मी कुनाला दाखवू? त्यांच्याकडनं आना, बाई. मी हाय तवर आना."

परतीच्या वाटेवर मला माझाच राग येत होता. दुसऱ्याच दिवशी मी व्हरांड्यात साहेबांसमोर बसले, मोबाईलवर रेकॉर्डिंग सुरू केलं आणि विचारलं, "साहेब, भानुदासला दाखवलेली वाट चुकीची होती ना? चूक तुमची होती ना?" त्यांच्या डाव्या डोळ्यातून पाणी आलं. "व्हय," ते म्हणाले. माझा जीव भांड्यात पडला. तेवढ्यावर थांबायला हवं होतं; पण जन्मभर पेपर तपासलेल्या माझ्या स्वभावाने घात केला. पडताळा म्हणून मी उलटं विचारलं, "की भानुदासच वाट चुकला, साहेब?"

डोळ्यातलं पाणी तसंच होतं. "व्हय."

ते दोन्ही होकार माझ्या मोबाईलमध्ये आहेत. भाची म्हणते, दुसरा कापून टाका, कुणाला कळणार आहे? मी अजून कापलेला नाही आणि मिरजगावला ऐकवलेलाही नाही. दुपारी घर निवांत झालं की दोन्ही एकामागोमाग ऐकते, आवाजात कुठे केसभर फरक सापडतो का म्हणून. सापडत नाही. परवा कौसाबाईंचा फोन आला होता, शेजारणीच्या मोबाईलवरून: "लिवलं का त्यांनी?" मी म्हटलं, तब्येत बरी नाही. खोटं नव्हतं, पण ते वाक्यही मी खेदाच्याच जातीचं बोलले, हे फोन ठेवल्यावर लक्षात आलं.

कडुनिंबाची फुलं आता गळू लागली आहेत, साहेबांच्या मांडीवरच्या शालीवर पांढरा भुगा साचतो आणि मी तो हाताने झटकते. पौषातल्या त्या सकाळी मला तो शब्द इतक्या झटकन आठवला नसता, तर त्यांनी कदाचित दुसरा शोधला असता. तेव्हा त्यांच्याजवळ पाच भाषा होत्या.