मोंताझबाई

मी आणि माझी मैत्रीण सुमन फिल्म क्लबात एका पोलिश दिग्दर्शकाचे सिनेमे बघायला लागलो, तेव्हा शेवटच्या नावांच्या यादीत दर वेळी 'मोंताझ' आणि पुढे एका बाईचं लांबलचक नाव यायचं. मोंताझ हे तिचं पाळण्यातलं नाव, अशीच आमची समजूत. पोलिश भाषेत मोंताझ म्हणजे संकलन, सिनेमातली दृश्यं कापून जोडण्याचं काम, हे पुढे कळलं. तरी आमच्यासाठी त्या मोंताझबाईच राहिल्या. त्यांच्या सिनेमात कुणी घर सोडून गेलं, की बंद झालेलं दार आणखी थोडा वेळ पडद्यावर राहायचं. गेलेल्या माणसाच्या जागेकडे बघत राहायची एवढी मुभा एरवी कोण देतं?

काल त्याच दिग्दर्शकाच्या नव्या सिनेमात माणूस गेला, दार लागलं आणि लगेच रस्ता आला.

"यात बाई नाहीत गं," सुमन कुजबुजली. खरंच, शेवटी मोंताझपुढे दुसरंच कुणाचं नाव होतं.

बाहेर आल्यावर सुमनने रिक्षा केली. दुसऱ्या दिवशी ती कायमची लेकाकडे नागपूरला जाणार होती. "रडायचं नाही हं," असं मला बजावून तीच डोळे पुसत रिक्षात बसली. रिक्षा वळणावर दिसेनाशी झाली. मी रिकाम्या रस्त्याकडे बघत उभी राहिले.

बाई असत्या, तर त्यांनीही इतक्यात कात्री लावली नसती.